शीणशिणाटीचं माहेर

अबू धाबी,
मंगळवार, दुपार

प्रिय दौलत,

सप्रेम नमस्कार. तुझा डावा गुडघा अजून एकटाच वाजतो, की आता उजव्यानंही साथ धरली? ठकुवहिनींना माझा नमस्कार सांग. त्यांच्या हातच्या तिळाच्या चटणीची बरणी परवा संपली, तेव्हा इथे पाच माणसं तोंड पाडून जेवली. आमची दोघांची तब्येत ठीक आहे. शोभना रोज संध्याकाळी समुद्राकाठी चालते, मी रोज संध्याकाळी तिच्या मागे चालतो. फुकटात फोन होत असताना हा म्हातारा पत्र का लिहायला बसला, असं तुझ्या मनात आलं असेल. अरे, फोनवर तू मधे बोलतोस. पत्रात मधे बोलता येत नाही.

तर झालं असं. आमच्या धनंजयची मैथिली आता आठवीत आहे आणि तिची शाळा अमेरिकन पद्धतीची. तिला प्रोजेक्ट मिळालं अमेरिकेतल्या एका शहराचं: तिथे कारखाने कसे आले आणि कसे वाढले. तिची जोडीदार म्हणजे शेजारच्या फ्लॅटमधली माहनूर. पोरींनी चिठ्ठी काढली आणि शहर निघालं सिनसिनाटी. मैथिलीनं ते नाव जेवणाच्या टेबलावर उच्चारलं आणि माझ्या हातातला घास हातातच राहिला. दौलत, ते शहर आहे! आपल्या शॉपमधलं ते हिरवं मिलिंग मशीन आठवतं ना, ज्याच्या पोटावर हातभर अक्षरांत हेच नाव ओतलेलं होतं? आपण तिला शीणशिणाटी म्हणायचो, कारण तिच्यावर आठ तास काढले की माणूस शिणून जायचा. तू तर नव्या पोरांना सांगायचास की मालकाच्या विलायती सासूचं नाव दिलंय, म्हणून जरा अदबीनं हात लावा. मी तिच्यावर अकरा वर्षं काढली आणि तिचं माहेर कुठलं ते मला सत्तराव्या वर्षी नातीकडून कळलं.

मग मी त्या प्रोजेक्टमध्ये असा शिरलो की विचारू नकोस. (रंजिता, म्हणजे आमची सूनबाई, हसून म्हणाली की बाबांना ॲडमिशनच घेऊन देऊ.) मैथिली इंग्रजीत वाचायची आणि मी मराठीत हुंकार द्यायचो. त्या शहराची सुरुवात कशानं झाली असेल? डुकरांनी. नदीकाठचं गाव, आजूबाजूचे शेतकरी डुकरांचे कळप रस्त्यानं हाकत आणायचे आणि तिथे मांस खारवून बोटींनी दूरवर जायचं. मग उरलेल्या चरबीचं करायचं काय? मेणबत्त्या आणि साबण. मग माल न्यायला वाफेच्या बोटी बांधायच्या, बोटी बिघडल्या की दुरुस्त करायच्या, त्यासाठी ओतशाळा, त्यासाठी लेथ. असं करत करत ते गाव यंत्रं बनवणारी यंत्रं बनवायला लागलं, आणि त्यातलं एक बोटीत बसून चिंचवडला तुझ्यामाझ्या नशिबी आलं. मी मैथिलीला म्हटलं, म्हणजे डुकराच्या चरबीपासून आमच्या पगारापर्यंत सरळ रेघ आहे. ती म्हणाली, "आजोबा, दॅट्स ॲक्चुअली गुड," आणि तिनं ते लिहून घेतलं. माझं वाक्य कोणी लिहून घेतल्याला फार वर्षं झाली होती रे.

पण आता पंचाईत. तक्त्यावर डुकरं काढायची कशी? जोडीदार माहनूर, तिचे आईवडील कराचीचे, आणि प्रोजेक्ट त्यांच्याच दिवाणखान्यात पसरलेलं. मी रात्रभर विचार करून तोडगा काढला की डुकराच्या जागी नुसतं "जनावर" लिहावं आणि चित्र बकरीच्या जवळपास जाणारं असावं. सकाळी भीत भीत माहनूरच्या आईला सांगायला गेलो. त्या चहा ओतत होत्या. म्हणाल्या, "अंकल, हिस्ट्री है, खाना थोडी है." मान खाली घालून चहा प्यायलो. माहनूरनं सात गुलाबी डुकरं काढली, इतकी गोजिरवाणी की त्यांचं पुढे काय होतं ते तक्त्यावर लिहायला कोणी धजेना.

मैथिलीला त्या मशीनचा फोटो हवा होता. इंटरनेटवरचा नको, खऱ्याचा. मी छातीवर हात ठेवून म्हटलं की आणतो. इथे मुसफ्फा नावाचा भाग आहे, सगळा वर्कशॉपचा, आपल्या भोसरीला समुद्राची हवा लागल्यासारखा. घरात कोणाला न सांगता बसनं गेलो. उतरलो आणि पहिला वास आला तो लेथवर ओततात त्या कुलंट ऑइलचा. दौलत, दीड महिना मी या शहरात अत्तराचे वास घेत होतो. तो जळकट, आंबूस वास आला आणि मी फुटपाथवर उभा राहून खोल श्वास घेत राहिलो. येणारेजाणारे मला पाणी विचारायला लागले.

एका शेडच्या दारातून लेथ दिसला म्हणून डोकावलो. आतला फोरमन, रामपूरचा रुहान, चाळिशीचा माणूस, त्यानं विचारलं, "चाचा, टर्नर हो?" आता याला मी काय उत्तर द्यावं? हो म्हटलं. (अठ्ठावीस वर्षांची सवय.) त्यांना एजंटानं एक टर्नर पाठवायचं कबूल केलं होतं, आणि तो मीच, असं धरून त्यानं माझ्या अंगावर बॉयलर सूट चढवला आणि म्हणाला, "यल्ला, दिखाओ." (यल्ला म्हणजे इकडचं 'चला'.) मी नको म्हणायला हवं होतं. पण समोर लेथचा चार जबड्यांचा चक होता आणि त्यानं पकडलेला, मधोमध न बसलेला गोल बार. त्यांचा पोरगेला ऑपरेटर डायल लावून अर्धा तास झटत होता. मी खिशातला खडू काढला (मैथिलीच्या तक्त्याचा), मशीन हळू फिरवलं, खडू टेकवला, जिथे डाग पडला तिथला जबडा आवळला. चार फेऱ्यांत बार मधोमध. हे कोणी शिकवलं होतं मला? तू. पहिल्या आठवड्यात, माझ्या डोक्यावर टपली मारून.

मग रुहाननं पासपोर्ट मागितला. व्हिजिट व्हिसा म्हटल्याबरोबर त्याचा चेहरा उतरला आणि त्यानं तो बॉयलर सूट माझ्या अंगावरून असा सोलून काढला, जसा काही पेटलाय. "खलास चाचा, आप हमको फँसाओगे." मी मशीनवर होतो तेव्हाच घरून फोन येत होते आणि माझा फोन राहिला होता बाकावर. ऑपरेटरनं उचलला आणि त्या आवाजात सांगितलं की चाचा मशीन पे है. धनंजयला ऐकू आलं, मशीन में है. पुढचं तू समजून घे. तो ऑपरेटरकडून पत्ता घेऊन, मीटिंग टाकून, रंजिताला घेऊन, चाळीस मिनिटांत मुसफ्फात हजर. तेव्हा मी खुर्चीवर बसून रुहानबरोबर पराठा खात होतो. रंजिता रडत होती, धनंजय माझी दहाही बोटं मोजून बघत होता.

पण ते दोघं येण्याआधी, मी फोटोचं सांगितल्यावर, रुहाननं मला शेडच्या मागे नेलं होतं. ताडपत्रीखाली ती उभी होती. आपली नव्हे, तिची बहीण म्हण. हिरवा रंग पार उडालेला, टेबल गेलेलं, भंगारवाल्याची वाट बघत. पोटावरची अक्षरं मात्र शाबूत. मी हात फिरवला. फोटो काढला, पण त्यात काही दिसेना. मग त्यांच्याकडून मोठा कागद मागितला, अक्षरांवर धरला आणि पेन्सिल आडवी घासली. एकेक अक्षर वर आलं. रुहान कागद धरून उभा होता.

तो कागद बघून मैथिलीनं मला शाळेत यायला सांगितलं. मी म्हणे "प्रायमरी सोर्स" आहे, म्हणजे प्रत्यक्ष साक्षीदार. गेल्या गुरुवारी गेलो, इस्त्रीचा शर्ट घालून. मी हिंदीत बोललो, माहनूरनं इंग्रजी केलं. पहाटेचा भोंगा सांगितला, डब्यांची अदलाबदल सांगितली, तू दसऱ्याला शीणशिणाटीला झेंडूचा हार घालून तिच्या पाया पडायचास तेही सांगितलं. पोरं मधे मधे हसली, एरवी ऐकत होती. मग मैथिलीनं सांगितलं की त्या शहरातले बरेच कारखानेही पुढे बंद पडले. आणि मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं की तुमचा कारखाना कसा बंद पडला.

दौलत, आता जरा हळू वाच.

मी सांगितलं की मालकानं स्वेच्छानिवृत्तीचे कागद काढले आणि आम्ही ठरवलं की कोणीच सही करायची नाही. एकाहत्तर दिवस गेटवर बसलो. माझा मित्र दौलत सगळ्यांना धरून होता. मग कोणीतरी मागच्या गेटनं जाऊन पहिली सही केली, ते बाहेर कळलं आणि आठवड्यात रांग लागली. दौलत शेवटचा. ती मुलगी म्हणाली, पहिली सही कोणी केली? माहनूर माझ्याकडे बघत थांबली, भाषांतर करायला.

मी म्हटलं, मैंने.

तुला मी सांगितलं होतं की तुझ्या सहीच्या आदल्या दिवशी केली. बावीस वर्षं तेच सांगत आलो. कारण विचारशील तर मोठं काही नाही. घरात आजारपण नव्हतं, कोणाची फी अडली नव्हती. मला भीती वाटली, एवढंच. सही करून मी परत गेटवर येऊन तुझ्या शेजारी बसलो आणि तू मला तुझ्या ग्लासातला अर्धा चहा दिलास.

माहनूरनं त्याचंही इंग्रजी केलं. परतताना गाडीत मैथिली तो पेन्सिलीचा कागद गुंडाळत होती. मग म्हणाली, "आजोबा, हॅव यू टोल्ड हिम?" मी नाही म्हटलं. तिनं घरी येऊन मला हे पॅड आणि पेन आणून दिलं आणि दार लावून गेली.

प्रोजेक्टला ए प्लस मिळाला. ठकुवहिनींना पुन्हा नमस्कार.

तुझा,
सूर्यकांत

ता. क. आम्ही येत्या वीस तारखेला सकाळी पुण्यात उतरतोय. धनंजय टॅक्सीचं बघतो म्हणतो. पण दरवेळी तू यायचास. आलास तर विमानतळावर शिव्या देऊ नकोस, तिथे पोलीस असतात. नाही आलास तर मी समजून घेईन. (हे शेवटचं वाक्य खरं नाही.)

ता. क. २. दौलतभावोजी, मी शोभना. हे खाली पाकीट आणायला गेलेत, तेवढ्यात लिहिते. पहिली सही यांची, हे तुम्हाला त्याच आठवड्यात कळलं होतं, असं ठकुबाईंनी मला तेव्हाच सांगितलं होतं, आणि तुम्ही त्यांना "कुणाजवळ बोलू नकोस" म्हटलंत तेही. यांना ते माहीत नाही. मला तुमच्यापाशी एकच मागायचं आहे. "जाऊ दे, मला ठाऊक होतं," असं लगेच म्हणू नका. एकदा चांगलं रागवा. त्या रागाची बावीस वर्षं वाट बघितली आहे यांनी.