धुळीची स्टाइल

मंगळवार, संध्याकाळ

डोकं फिरलंय. कॅमेरामन भाच्याचा, मिलिंदचा, पहिला मोठा सिनेमा. त्याचं शूटिंग माझ्या घरात, म्हणून पहाटेपासून शेजारच्या कापडाच्या लूमवरून येणारी कापसाची धूळ कोपरान्‌कोपऱ्यातून झाडली. साहेब आले आणि कपाळाला हात लावून बसले.

"मावशी, काय केलंस हे! उन्हाच्या तिरिपेत तीच धूळ तरंगायला हवी होती. तीच माझी स्टाइल!"

"म्हणजे चाळीस वर्षं मी तुझी स्टाइल केरात टाकली?"

शेवटी त्यानं लूमवरून पिशवीभर धूळ आणून माझ्याच पलंगावर उधळली. शाळेत स्वच्छतेचे धडे देणाऱ्या कॉन्व्हेंटच्या सिस्टरांनी पाहिलं असतं तर! भांडायलाच गेले आणि कॅमेऱ्यात डोकावले. उन्हात तरंगणाऱ्या धुळीत माझी खोली इतकी सुंदर? भांडण विसरून पुन्हा डोकावले.

उरलेलं शूटिंग उद्या. कामवाल्या सुमनला सुट्टी दिलीय. कारण विचारत होती. काय सांगू, धूळ राखायचीय?