शेजाऱ्यांचे शिक्के

ओगिहामा, १२ जून

ती. तोकुजीदादास,
किनुएचा शि. सा. न. वि. वि.

उमेच्या आंबट फळांचं लोणचं घातलं, तुझी बरणी वेगळी काढलीय. आता माझं रडगाणं ऐक. ह्यांच्या माघारी माडीवरच्या दोन खोल्या पाहुण्यांना भाड्याने द्यायचं मी ठरवलं, ते नाओयाला पसंत नाही. ऑगस्टमध्ये ओबोनच्या, पितरांच्या सणाच्या सुट्टीपर्यंत परवाना आला नाही, तर घर विकून मी त्याच्याकडे ओसाकाला राहायला जायचं, असं माझ्या लेकाने फर्मावलंय. मला इथेच राहायचंय, दादा.

आरोग्य कचेरीतले मियाके फार गोड माणूस. नकाशे, नळ, अग्निशमनाचा दाखला, सगळं पाहून त्यांनी मान डोलावली आणि म्हणाले, आता शेजाऱ्यांच्या संमतीचे शिक्के तेवढे आणा. मी गोडाचे पुडे घेऊन घरोघर फिरले. सगळ्यांनी सहीचा शिक्का मारून दिला, समोरच्या कुवाबाराबाईंनी मात्र नाही. पुडा ठेवून घेतला आणि म्हणाल्या, आज मी शिक्का मारायचा आणि उद्या तुझ्या पाहुण्याने पिऊन गोंधळ घातला की जबाबदार मी, नको गं बाई. मियाके अर्ज हातात घ्यायला तयार नाहीत. काय करू?

लोभ आहेच, तो उत्तरात दिसू दे.
तुझी किनुए

मात्सुए, १८ जून

चि. किनुएस,
अ. उ. आ.

लोकांचे अर्ज लिहून देण्यात माझी हयात गेली आणि माझी सख्खी बहीण पुडे वाटत हिंडते, हे वाचून तुझी वहिनी पोट धरून हसली. अगं, परवान्याला काय काय लागतं ते कायद्यात लिहिलंय. त्यात शेजारी कुठेही नाहीत. अधिकाऱ्याने स्वतःच्या पदरची अट जोडायची नसते. तो विनंती करू शकतो, पण तू ती मानली नाहीस म्हणून अडवू शकत नाही. अर्ज कचेरीत पोचला की तपासायला घ्यावाच लागतो. तेव्हा ही अट कुठल्या कलमात आहे ते नम्रपणे विचार आणि लिहून माग. भांडू नकोस. वाकून नमस्कार कर, अर्ज खिडकीवर ठेव आणि घरी ये. मियाके वाईट नाहीत. उद्या तक्रार आली तर पुढे करायला त्यांना शिक्के हवेत, इतकंच.

नाओयाचं मनावर घेऊ नकोस असं लिहिणार होतो. पण ते घर गेलं तर मलाही वाईट वाटेल.

तब्येतीला जप, आणि माझ्यावर माया कर, बरणीपुरती का होईना.
तुझा तोकुजीदादा

ओगिहामा, १७ ऑगस्ट

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

परवाना आला. कलम विचारल्यावर मियाके इतके लाल झाले की मलाच कीव आली. म्हणाले, अट नव्हेच, नुसती विनंती. लिहून मागितल्यावर विनंतीही उरली नाही.

गंमत पुढेच आहे. ज्यांनी शिक्के दिले ते सगळे फुगलेत. गरजच नव्हती तर आम्हाला कशाला विचारलंस, म्हणतात. कुवाबाराबाई मात्र खूश. माझा शिक्काच नाही म्हणजे माझी जबाबदारी नाही, मग हरकत कसली, असं म्हणून ओबोनला त्यांनी स्वतःच्या घरात न मावणारी लेक, जावई आणि नातवंडं माझ्या माडीवर पाठवली. पिऊन गोंधळ घातला तो त्यांच्याच जावयाने.

नाओया घरविक्रीचे कागद घेऊनच आला होता. भिंतीवरचा परवाना त्याने वाचला आणि लगेच अटी घातल्या. जिन्याला कठडा हवा, एकट्या पुरुषाला खोली द्यायची नाही, त्याला रोज फोन करायचा. सरकारी माणसाला आवरायला कायदा आहे, पोटच्या पोराला कुठला? खोली रिकामी नव्हती, म्हणून त्याचं अंथरूण स्वयंपाकघराशेजारी घातलं. सकाळी कुवाबाराबाईंची नातवंडं भुकेने ओरडत खाली आली. मी मासे भाजण्यात अडकलेले. मग नाओयाच उठला आणि त्याने सगळ्यांना भात आणि मिसोचं सार वाढलं, अगदी ह्यांच्यासारखं, गुडघ्यांवर बसून. मला रडू आलं, ते मी धुरावर ढकललं.

कागद पिशवीतून बाहेर निघालेच नाहीत. जाताना बूट चढवता चढवता त्याने विचारलं, नव्या वर्षाच्या सुट्टीत माडीवरची एक खोली मला मिळेल का. मी म्हटलं, लवकर कळव, मागणी फार आहे.

वहिनीला नमस्कार. माया अशीच राहू दे.
तुझी किनुए