ओदेतबाईंचे बटाटे

अ‍ॅमस्टेलव्हीन,
जून २०१६

ती. सरलामावशी,

तुझ्या मंजूचा सातासमुद्रापलीकडून वाकून नमस्कार. गुडघा कसा आहे? पायऱ्या चढता येतात ना आता? (सहज विचारलं.) काकांचा खोकला, कुंडीतली जास्वंद आणि शेजारच्या शोभाताईंशी धरलेला अबोला, सगळं ठीक असेलच.

मावशी, मी सध्या हवेत आहे! झालं असं की, इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवातल्या नाटकात मला मोलकरणीचं काम दिलं. तीन वाक्यं आणि एक चहाचा ट्रे! नायिका अर्थात विशाखा. आमचा दिग्दर्शक चंद्रहास (दिवसा स्लोटरडाइकच्या ऑफिसात सॉफ्टवेअर, संध्याकाळी आमचा छळ) म्हणाला की छोटं पण महत्त्वाचं काम आहे. मी घरी येऊन रडले. इथे आल्यापासून मी 'आशुतोषची बायको' एवढीच भूमिका करतेय गं. निदान स्टेजवर तरी मधोमध उभं राहावंसं वाटतं. तुला तरी हे समजेल. बँकेच्या नाट्यस्पर्धेत आईचं काम दिलं म्हणून तू तालीम सोडून तडक घरी आली होतीस.

माझी समजूत काढायला आशुतोष मला अ‍ॅमस्टरडॅमला जुना फ्रेंच सिनेमा बघायला घेऊन गेला (तिकिटं त्याला ऑफिसात फुकट मिळाली होती, हे नंतर कळलं). तिथे ओदेत ब्रिसार नावाच्या नटीच्या सिनेमांचा आठवडा चालू होता. मावशी, काय बाई आहे! वीस-बावीस वर्षं सिनेमात काढली आणि एकदाही नायिका नाही. कधी स्वयंपाकीण, कधी सासू, कधी जिन्याखाली बसून सगळ्या इमारतीच्या भानगडी माहीत असलेली रखवालदारीण. तिशीतच नायकाची आई झाली, आणि नायक तिच्याहून मोठा! आम्ही पाहिलेल्या सिनेमात नायिका खिडकीशी ढसाढसा रडते आणि मागे ओदेतबाई बटाटे सोलत बसतात. बस्स. पण सगळं थिएटर बटाट्यांकडे बघत होतं! शेवटी त्या एक नजर टाकून दाराबाहेर गेल्या आणि मला राहवलं नाही. मी कडकडून टाळ्या वाजवल्या आणि ओरडले, 'वन्स मोअर!' (एक्झिटला टाळी द्यायची, हे तूच शिकवलंस.) अख्खं थिएटर माझ्याकडे वळून बघू लागलं. आशुतोष खुर्चीत इतका खाली सरकला की मला वाटलं तोही एक्झिट घेतोय. मध्यंतरही नव्हतं, त्यामुळे नेलेले बटाटेवडे ट्राममध्ये खावे लागले.

सिनेमाआधी एका डच बाईंनी सांगितलं होतं की, नायिका का झाला नाहीत असं विचारल्यावर ओदेतबाई म्हणाल्या, नायिकेला शेवटी लग्न करावं लागतं, मी आपली सूप वाढून घरी जाते. मावशी, माझे डोळेच उघडले. भूमिका छोटी नसतेच गं, आपलं मन छोटं असतं!

दुसऱ्याच दिवशी तालमीला पिशवीभर बटाटे घेऊन गेले. विशाखाचं रडणं सुरू झालं आणि मी मागे सोलायला बसले. लोक हसून हसून लोळले. विशाखा मात्र मध्येच थांबली आणि पाणी प्यायला गेली, ती बराच वेळ आलीच नाही. चंद्रहासने मला बटाटे घरी ठेवून यायला सांगितलं. सांगू दे! कलावंताला हे सोसावंच लागतं.

काकांना नमस्कार, जास्वंदीला पाणी, आणि शोभाताईंना काय द्यायचं ते तू ठरव.

तुझी,
मंजू

ता. क. विशाखाला तिकडे लांब ग्रोनिंगनला नोकरी लागली (बटाट्यांचा काही संबंध नाही). आता नायिका कोण, असं चंद्रहासने मला विचारलं. त्याचं वाक्य पुरं व्हायच्या आत मी हो म्हटलं.

ता. ता. क. मोलकरीण अजून मिळालेली नाही. तू ऑगस्टमध्ये येतेच आहेस. छोट्या भूमिकेबद्दल वर सविस्तर लिहिलंच आहे, ते पुन्हा एकदा वाच. स्टेजला चारच पायऱ्या आहेत.

ता. ता. ता. क. फक्त बटाटे आणू नकोस. मी रडत असताना तर मुळीच नाही.