रोहिमाचा माग कोणाकडे

बिस्मिल्ला.

मी, जहूर इस्माईल होडेकर, वय वर्षे बासष्ट, धंदा लाकडी जहाजांचे सुतारकाम, मूळ गाव जयगड, जिल्हा रत्नागिरी, गेली पस्तीस वर्षे मुक्काम सूर, सल्तनत ओमान, आज पूर्ण शुद्धीत, चष्मा लावून आणि कोणी हात धरलेला नसताना हे मृत्युपत्र लिहून ठेवीत आहे. माझे हृदय फुगले आहे असे डॉक्टरांचे म्हणणे आहे. माझे म्हणणे वेगळे आहे, पण जहाज किनाऱ्याला लागण्याआधी दोर तयार ठेवावा हे मला कोणी शिकवायला नको.

हे मराठीत लिहितो आहे कारण मला शाळा मराठीत मिळाली. माझ्या मुलांनी ते सावकाश वाचावे. अडेल तिथे उत्तमकाकांना विचारावे.

कलम १. दफन. मला सूरच्याच कब्रस्तानात, माझी बायको रोहिमा हिच्या जवळ जागा मिळेल तिथे दफन करावे. मय्यत जयगडला नेऊ नये. माझे भाऊ मजीद आग्रह करतील. तो आग्रह ऐकून घ्यावा, त्यांना चहा द्यावा आणि मला इथेच दफन करावे.

कलम २. रोहिमा कोण होती. वकील म्हणतात, मृत्युपत्रात ही माहिती लागत नाही. मला लागते, कारण पुढचे एकही कलम तिच्याशिवाय समजणार नाही.

रोहिमा चाम होती. व्हिएतनामच्या दक्षिणेला मेकाँग नदीच्या काठी चाऊ फोंग नावाचे गाव आहे, तिथली. चाम लोकांचे एकेकाळी स्वतःचे राज्य होते, विटांची उंच देवळे होती, स्वतःची लिपी होती. आज ते त्या देशातले मूठभर लोक आहेत. तिच्या भागातले चाम मुसलमान, आणि तेही आम्हा कोकण्यांसारखे शाफई पंथाचे. घरे लाकडी खांबांवर उभी, खाली माग, आणि पूर आला की माग वर उचलायचा. अठ्ठ्याहत्तर साली सरहद्दीवर लढाई पेटली तेव्हा ती मामाबरोबर मलायाला पळाली. तिथून सूरचा एक लुंग्यांचा व्यापारी तिला शिवणकामाला इकडे घेऊन आला. मी त्याच्या दुकानाचे दार दुरुस्त करायला गेलो होतो. दार दुरुस्त व्हायला तीन आठवडे लागले. एवढा वेळ कुठल्याच दाराला लागत नाही हे तिलाही ठाऊक होते.

त्यांच्यात नवरा बायकोच्या घरी जातो. वरात मुलाची निघते आणि मुलीच्या दारात थांबते. तिला इथे दार म्हणजे दुकानामागची एक खोली होती, पण रीत ती रीत. एक्क्याऐंशी साली मी खांद्यावर हत्यारांची पेटी घेऊन भर बाजारातून तिच्या खोलीवर राहायला गेलो. मागून दहाबारा सुतार टाळ्या वाजवत आले. आमच्या कोकणात घरजावयाला कुत्रा विचारीत नाही. मला त्या दिवशी सगळा बाजार विचारीत होता, आणि मी छाती काढून चाललो होतो.

कलम ३. जयगडचे घर. घरातला माझा हिस्सा तीन मुलांत शरीयतीप्रमाणे वाटावा: ताबिशला दोन वाटे, अंबरीन आणि सबीहा यांना एकेक. सूरमध्ये माझ्या मालकीची वीटही नाही, तेव्हा तो प्रश्न मिटला.

मजीदभाईंना मी एक लुंगी ठेवली आहे. अठ्ठ्याण्णव साली आम्ही जयगडला गेलो तेव्हा रोहिमाने ती स्वतः विणून त्यांना नेली होती. सहा महिन्यांचे काम. त्यांनी घडीही न मोडता विचारले, "ही चिनी लुंगी धुतल्यावर रंग सोडेल काय गो?" तिने लुंगी परत पिशवीत ठेवली. ती लुंगी मी अकरा वर्षे दर ईदला नेसलो आणि दर वेळी धुतली. रंग अजून तसाच आहे. ती धुऊन, इस्त्री करून मजीदभाईंना द्यावी. सोबत चिठ्ठी वगैरे नको. माझा राग लुंगीबरोबर संपला असे समजावे.

कलम ४. हत्यारे. लाकूड तासायचा वाकस मुस्तफाला द्यावा. मुस्तफा जहाजांच्या कारखान्यात माझ्या हाताखाली शिकला आणि आता माझ्या चुका काढतो, म्हणजे शिकला. रंधे आणि पटाश्या त्यालाच. भोके पाडायचा सामता, काटकोन बघायचा गुण्या आणि लहान करवत मात्र मागाबरोबर राहतील, कारण मागाला दुरुस्ती लागते.

कलम ५. माग. ज्यासाठी हा सगळा कागद लिहायला बसलो ते हे कलम.

एक्क्याण्णव साली आम्ही अंगण असलेले भाड्याचे घर घेतले आणि मी रोहिमाला माग बांधून दिला. तिने जमिनीवर कोळशाने चित्र काढले, मापे वितीने सांगितली. लाकूड सागवान, एका मोडलेल्या जहाजाचे. एकही खिळा नाही, सगळे सांधे कुसांचे. चाळीस दिवसांत उभा केला, आणि मग मी जन्माची चूक केली. आम्ही जहाज पुरे झाले की त्याला मोरी माशाचे तेल चोपडतो, म्हणजे लाकूड पाण्यात टिकते. मी मागालाही तीन हात तेल चोपडले. तिला अचानक दाखवायचे म्हणून सांगितलेही नाही.

तिने बारा हात रेशमाचा ताणा लावला, विणले, आणि कापड तुळईवर गुंडाळत गेली. सगळ्या कापडाला तेल लागले. वास असा की शेजारची मांजरे अंगणात येऊन बसली. ती एरवी मला अंबरीनचे अब्बा म्हणे, रागावली की नावाने हाक मारी. म्हणाली, "जहूर, तू होडी बांधलीस. आता हिला पाण्यात सोड, मी किनाऱ्यावर बसते." मग तीन महिने मी तो माग राखेने, चुन्याने आणि काचेच्या तुकड्याने खरवडला. ते रेशीम तिने सुक्या लिंबाच्या पाण्यात भिजवून निळीत बुडवून काळे केले आणि मागावर झाकण म्हणून घातले. आल्यागेल्याला दाखवी, "हे यांचं पहिलं कापड."

त्या मागावर तिने चौदा वर्षे विणले. तिच्या घराण्याच्या नऊ नक्षी होत्या: नदीचे पाणी, मुंग्यांची रांग, मिरीचे फूल, अशी. कागदावर एकही नाही. आईने मुलीला मागावर बसवून शिकवायच्या, आणि माग शेवटी धाकट्या मुलीकडे जायचा, कारण म्हाताऱ्या आईजवळ तीच राहते. मुलाच्या मुलीला शिकवत नसत. ती तिच्या आईच्या घराण्याची, असे तिच्या गावचे म्हणणे.

दोन हजार एक साली मस्कतला हस्तकलेचे प्रदर्शन होते. तिथे तिच्या जागेवर 'चिनी विणकाम' अशी पाटी लावून ठेवली होती. ती तिथे नेलेल्या मागापाशी उभी राहिली आणि बसेना. संयोजक बाई समजावत होत्या की लोकांना तेवढे पुरे, चाम म्हटले तर कोणाला कळणार? रोहिमा म्हणाली, "म्हणून तर लिहायचं. कळत नाय त्यांना कळेल." पाऊण तास गर्दी रिकाम्या मागाकडे बघत उभी. शेवटी ताबिशने नवी पाटी लिहिली, इंग्रजी आणि अरबीत. तेव्हा तो अठरा वर्षांचा होता. मग ती बसली. माझ्या हाताने बांधलेली अकरा जहाजे आजही पाण्यात आहेत, पण त्या दिवसाएवढा अभिमान मला एकाही जहाजाचा वाटला नाही.

दोन हजार पाच साली ती गेली. शेवटच्या वर्षी तिने सहा हातांची एक पट्टी विणली. तीत नऊही नक्षी एकीपुढे एक आहेत. अंबरीनने, म्हणजे माझ्या थोरलीने, सोहारहून फोन करून विचारले होते की पट्टीचे तीन तुकडे करून तिघांनी आठवण म्हणून ठेवावेत का. बेटा, तुझी माया कळली. पण पट्टी कापू नये. ती मागाबरोबर राहील. तुला आईचे शिलाई मशीन आणि सोन्याची कर्णफुले.

आता ताबिश. माझा मुलगा मस्कतला एका हॉटेलात नोकरी करतो, अझैब्याला राहतो. हॉटेलच्या मॅनेजरला माग दर्शनी दालनात ठेवायचा आहे. गेल्या महिन्यात ताबिश म्हणाला, "अब्बा, तिकडे रोज शेकडो लोक बघतील. अम्मीचं नाव ब्रासच्या पाटीवर येईल. इथे अंगणात कोण बघतं?" त्याचे चुकते असे मी म्हणत नाही. आईच्या नावासाठी तो एकदा उभा राहिला आहे, तेच तो आताही करतो आहे. पण दालनात दोरी बांधून आत हात लावू नका असे लिहितील. ज्याला हात लावायचा नाही तो माग कसला? रोहिमाने बघण्यासाठी माग मागितला नव्हता.

मला तो सबीहाला द्यायचा आहे. सबीहा धाकटी, वीस वर्षांची, फार्मसी शिकते, सुट्टीत घरी आली की पहाटे मागावर बसते. तिला विचारले तर म्हणाली, "अब्बा, मला चारच पॅटर्न येतात. माझ्यावर एवढी रिस्क घेऊ नका." पाच राहिल्या आहेत आणि त्या पट्टीत आहेत. ती एका नक्षीला एक सुट्टी घालवते. माझ्या हिशेबाने शिक्षण संपेपर्यंत होतील. झाल्या नाहीत तर त्या पाच नक्षी जगात आणखी कोणाच्या हातात आहेत हे मला माहीत नाही. सत्त्याण्णव साली आम्ही चाऊ फोंगला गेलो होतो, तेव्हा रोहिमाच्या आईच्या घरी मागाच्या जागी मोटारसायकल उभी होती. ती रात्री जेवली नाही. मला म्हणाली, "आता सूरलाच राहिलंय सगळं." ही धास्ती मी बारा वर्षे छातीत घेऊन हिंडतो आहे. हृदय फुगणार नाही तर काय होणार?

अडचण एक आहे. शरीयतीप्रमाणे वारसाला त्याच्या वाट्यावर काही द्यायचे तर बाकीच्या वारसांची राजीखुशी लागते. काझीसाहेब म्हणाले, जिवंतपणी बक्षीस देऊन टाक, कोणाला विचारायला नको. मी नाही म्हणालो. भावाबहिणींच्या पाठीमागे दिलेली वस्तू घरात काट्यासारखी राहते. शिवाय मी रोज संध्याकाळी त्या मागाशेजारी बसून चहा पितो आणि जिवंत असेतो तो माझा आहे, हा माझा हट्ट. काझीसाहेबांनी हेही बजावले की आजची संमती कायद्याने बांधत नाही. माझ्या मृत्यूनंतर ती पुन्हा विचारली जाईल आणि तेव्हा नाही म्हणायला कोणीही मोकळा आहे.

म्हणून मी हुकूम करीत नाही. विनंती करतो. खाली तिघांसाठी जागा सोडली आहे. मनात असेल ते आपल्या हाताने लिहावे. नकार असला तरी लिहावा. मी वाचीन आणि कोणाशी बोलणे टाकणार नाही.

वर लिहिले ते माझेच, माझ्याच अक्षरात. खाडाखोड तीन ठिकाणी आहे, तीही माझीच.

मुक्काम सूर, शुक्रवार, १८ डिसेंबर २००९.

(सही) जहूर इस्माईल होडेकर

साक्षीदार:

१. (सही) उत्तम तळेकर, इलेक्ट्रिशियन, सूर. कागद वाचला. लुंगीचे कलम गाळा असे सुचवले होते, ऐकले नाही.

२. (अरबीत सही) मुस्तफा बिन सईद, जहाज कारखाना, सूर.

वारसांचे म्हणणे:

अंबरीन: मला मान्य आहे. पट्टी कापायची नाही, हेही मान्य. मशीन मी वापरणार, शोकेसमध्ये ठेवणार नाही. (सही)

ताबिश: माझं मराठी चुकणार, माफ करा अब्बा. मी हे सगळं दोनदा वाचलं, दुसऱ्यांदा उत्तमकाकांबरोबर. मॅनेजरला फोन करून 'नाही' म्हणून सांगितलं. माग सबीहाचा. तुमच्यानंतर काझीसमोर पण हेच सांगणार. पण माझी एक अट आहे. माझी दिलशाद आता एक वर्षाची आहे. अम्मीच्या रिवाजात मुलाच्या मुलीला शिकवत नाहीत, हे मला आज कळलं. तो रिवाज इथे मोडायचा. ती सात वर्षांची झाली की दर सुट्टीत मी तिला सूरला आणून सोडणार. सबीहाने तिला मागावर बसवलं पाहिजे, आणि नऊच्या नऊ शिकवले पाहिजेत. एक कमी चालणार नाही. (सही)

सबीहा: कबूल, भाई. म्हणजे आता मला पाच शिकावेच लागतील. (सही)