दोघं आत, एक बाहेर

प्रिय अण्णा,

रविवारची दुपार आहे. दुकानाचं शटर अर्धं खाली ओढलंय आणि मी तुमच्या मशीनवर बसून ह्या खाकी कागदावर लिहितेय. ऑटोच्या हूडचा नमुना कापायला ठेवलेला कागद आहे, मागची बाजू कोरी होती. तुम्ही असतात तर कागद वाया घालवला म्हणून ओरडला असतात. ओरडा! आज मला कोणीतरी ओरडायलाच हवंय.

तुम्हाला जाऊन आठ महिने झाले आणि एवढ्या दिवसांत मी एक ओळ लिहिली नाही. लिहीत बसायचा माझा स्वभाव नाही, तुम्हाला ठाऊक आहे. पण तळ्यावरच्या आपल्या मुनियप्पाचा फोन यायचाय आणि नुसतं बसवत नाही. तळ्याच्या बांधावर बसून तो बघतोय, टिटवी अंड्यांवर परत येते की नाही. चार अंडी आहेत, अण्णा. उघड्या खडीवर, आणि वरून हे एप्रिलचं ऊन! ती आली नाही तर ती माझ्यामुळे आली नाही.

थांबा, पहिल्यापासून सांगते. नाहीतर तुम्ही मध्येच बोट वर करून "असं नव्हे मंजी, नीट सांग" म्हणाल.

तो निनाद आठवतो का? कॅमेऱ्याच्या पिशवीला पट्टा लावून घ्यायला आला होता, नागपूरचा, इंदिरानगरच्या ऑफिसात असतो तो. गेल्या महिन्यात परत आला. तुम्ही गेल्याचं त्याला माहीतच नव्हतं. भिंतीवरचा तुमचा फोटो बघून तिथंच उभा राहिला बिचारा. मग म्हणाला, "ताई, अण्णांसारखं लपण लावून द्या ना एकदा." पाखरांपाशी लपून बसायच्या त्या तंबूला बाकीची सगळी गिऱ्हाइकं हाइड, हाइड करतात. ह्यानं तुमचा शब्द वापरला आणि मी विरघळले. नाही म्हणायला हवं होतं. तुम्ही गेल्यापासून मी फक्त ताडपत्र्या आणि ऑटोचे हूडच शिवत होते, तेच बरं होतं.

पण एकदा हो म्हटलं आणि मग हात थांबेनात! माळ्यावरचं जुनं कॅनव्हास काढलं. चहाच्या भुकटीत उकळलं, आईच्या मोठ्या पातेल्यात. आईनं तोंड सोडलं, अगदी तुमच्यावर सोडायची तस्सं. मग त्यावर तळ्याकाठचीच लाल माती चोळली. गवत खोचायला सुतळीचे फास शिवले, वीत-वीत अंतरावर. आतून मागच्या बाजूला काळं कापड लावलं, म्हणजे आत बसलेल्याची सावली पुढून दिसायला नको. कॅमेऱ्याच्या नळीसाठी बाही शिवली आणि तिला मनगटाशी घालतो तसं इलॅस्टिक घातलं. निनाद हसायला लागला. म्हटलं, हस बाबा, शिंप्याच्या घरचं लपण आहे, त्याला बाही असणारच.

आणि घाई केली नाही हो! साठ पावलांवर उभं केलं पहिल्यांदा. दोन दिवस तसंच ठेवलं. मग पन्नासवर, मग चाळीसवर. सकाळी सहाच्या बसनं जायचं, दहा पावलं पुढे सरकवायचं, परत येऊन दुकान उघडायचं. ताण दोरीला इतका दिला की वाऱ्यानं कापड फडफडू नये. रंग चुकला तर पाखरू माफ करतं, फडफड माफ करत नाही, हे तुमचं वाक्य मी मुनियप्पाला ऐकवलं. तो म्हणाला, "अक्का, हे तर अण्णांनी मला तुझ्या जन्माआधी सांगितलंय." गवत तळ्याच्या पलीकडून कापून आणायची, अंड्यांभोवतीच्या काडीला हात नाही लावला. रोज सुकलेलं काढून ताजं खोचायची. वीस पावलांवर आलं तेव्हा टिटवी त्याच्याकडे ढुंकूनही बघत नव्हती. मला काय वाटलं सांगू? वाटलं, तुम्ही बांधावर उभे राहून बघताय आणि मान हलवताय. सरी, म्हणताय, बरोबर जमलं. तुमच्या तोंडून सरी ऐकायला मी काय काय केलंय आयुष्यात!

आजोबा कॅन्टोन्मेंटमधल्या बदकं मारणाऱ्या साहेबांसाठी लपणं शिवायचे, तुम्ही फोटोवाल्यांसाठी. बंदुका गेल्या, कॅमेरे आले, शिवण तीच राहिली. आणि ती युक्तीही तीच. पाखराला मोजता येत नाही. दोन माणसं आत जाताना दिसली आणि एक निघून जाताना दिसलं, की त्याला वाटतं, गेलं माणूस. म्हणून दोघांनी आत जायचं आणि एकानं बाहेर पडायचं.

ते एक म्हणजे मी. अकरा वर्षांची असल्यापासून मीच. आत कधी तुम्ही, कधी गिऱ्हाईक, पण बाहेर पडणारी कायम मंजी! आत बसणाऱ्याला मातकट कपडे आणि मला आईची लालभडक शाल, पाखराला लांबून दिसावी म्हणून. मोठ्यानं गाणं म्हणत जायचं, पाय आपटत जायचं. आणि मागे वळून बघायचं नाही. बघितलंस तर तिला कळेल आत कोणी आहे म्हणून, असं तुम्ही सांगायचात. मी कधी वळले नाही, अण्णा. शाळेची सगळी सुट्टी मी तुम्हाला पाठ दाखवून चालत गेले.

एकदा विचारलं होतं तुम्हाला, मला कधी आत बसू देणार? तुम्ही दोरा दातानं तोडत म्हणालात, "तू गेलीस तरच काम होतं." चार दिवस फुगून बसले होते मी. तुमच्या लक्षात तरी आलं होतं का?

आज सकाळी शेवटची पायरी होती. उजाडता उजाडता निनाद आणि मी आत गेलो. त्यानं बाहीतून नळी बाहेर काढली, पाय नीट मुडपून बसला. आता मी निघायचं. शाल होती खांद्यावर, तीच लाल. पण त्या फटीतून मी बाहेर बघितलं आणि बसलेच. चार अंडी, खडीत मिसळून गेलेली, कोणी बोट दाखवल्याशिवाय दिसणार नाहीत अशी. गवताच्या टोकांवर दव. आणि ती, पिवळ्या पायांवर उभी, डोळ्यापुढं तो लाल मांसल ठिपका. इतकी जवळ! अण्णा, इतकं सुंदर दिसतं आतून आणि तुम्ही एकदाही बोलला नाहीत?

निनाद कुजबुजला, "ताई, तुम्ही का करून राहिल्या? निघा ना!"

"गप्प बस रे," मी म्हटलं. "आज मी नाही जाणार."

त्याला काय कळणार! मला तरी कुठं कळत होतं. डोकं फिरलं होतं. पाय उचलतच नव्हते.

टिटवीनं दोघांना आत जाताना बघितलं होतं आणि कोणीच बाहेर आलं नव्हतं. ती ओरडायला लागली. तीन पावलं यायची, थांबायची, मागे पळायची. तिचा जोडीदार वरून घिरट्या घालून ओरडत होता. अर्धा तास. तास. दव सुकलं. खडी तापायला लागली ते मला आत बसून कळत होतं आणि तरी मी बसून राहिले. येईल आता, येईल आता, म्हणत राहिले. तुमच्या वेळी यायची ना, मग माझ्या वेळी का नाही? शेवटी निनादनं नळी आत ओढून घेतली. म्हणाला, "ताई, फोटो गेला खड्ड्यात. अंडी भाजून राहिली ना तिकडं!"

परक्या मुलखातून आलेल्या गिऱ्हाइकानं मला सांगावं हे! कान गरम झाले माझे. आम्ही दोघं बाहेर आलो तशी ती जोडी तळ्यापलीकडे उडून गेली. मी खुंट उपटायला वाकले तर बांधावरून मुनियप्पा ओरडला, "बेडा अक्का, नको! राहू दे ते, आधी तुम्ही जा इथून!" मग लपण तसंच सोडून निघालो. निनादनं मला दुकानापर्यंत सोडलं.

अकरा वाजता मी मुनियप्पाला फोन केला. "इल्ला अक्का," म्हणाला. अजून नाही. आईनं दोनदा जेवायला बोलावलं. मी गेले नाही. शटरपर्यंत जाते, परत येते, कात्री उचलते, ठेवते.

आता ते सांगते जे कोणालाच सांगितलेलं नाही, आईलाही नाही.

दवाखान्यातल्या त्या सकाळी तुम्हाला धाप लागत होती, पण बोलत होतात. मला म्हणालात, "मंजी, जा, स्वल्प कॉफी पिऊन ये." मी उठले आणि निघाले. दारातून बाहेर पडले, जिना उतरले. आणि अण्णा, मी मागे वळून बघितलं नाही! सवयीनं. तुमच्याकडे पाठ करून चालायची तीस वर्षांची सवय! कॉफी संपवून वर आले तर नर्स दारात उभी होती. तुम्ही मला मुद्दाम पाठवलंत का? खरं सांगा. मी गेले तरच काम होतं म्हणून? माझ्यासमोर जाता येत नव्हतं तुम्हाला? वळले असते तर निदान तोंड दिसलं असतं. काही म्हणायचं असेल तर म्हटलं असतंत. आठ महिने मी हे गिळून बसलेय. मला राग आलाय तुमचा. आणि माझाही.

म्हणून आज उठले नाही मी. इतकंच कारण आहे. आता लिहिताना कळलं. माझा तुमच्याशी असलेला हिशोब मी त्या पाखराच्या अंड्यांवर मिटवायला बसले. लाज वाटते हो. तिनं काय बिघडवलं होतं माझं?

आणि आणखी एक बोलते, रागावलात तर रागवा. अंड्यांपाशी लपण लावायचं हेच मुळात चूक होतं. तुम्हीही लावत होतात. किती सांभाळून लावलं, किती हळू सरकवलं, तरी अंड्यांच्या आईला फसवूनच बसवायचं ना ते! बंदुकीच्या माणसांची युक्ती आपण तशीच उचलली आणि भलेपणा केल्यासारखे मिरवत राहिलो. तुमच्या हातून कधी काही बिघडलं नाही, म्हणून तुम्हाला कधी विचार करावा लागला नाही. मला करावा लागला.

एक वाजून गेला. फोन नाही. मीच लावू का? नको, तो म्हणाला होता सारखा फोन करू नकोस, घंटी वाजली की ती बिचकते.

थांबा. आला.

अण्णा, "बंतु अक्का, बंतु! कूतकोंडितु!" आली म्हणे, बसली म्हणे! तळ्यात पोट भिजवून पळत पळत आली, अंड्यांपाशी उभी राहिली, चोचीनं एकेक सरकवलं आणि ओलं पोट टेकवून बसली. मी दुकानात एकटीच मोठ्यानं रडले. रस्त्यावरचा फुलवाला शटरखालून डोकावून गेला. अंडी चांगली आहेत का, मी विचारलं. "ते आता पिल्लं निघाली की कळेल," म्हणाला. म्हणजे अजून पंधरा-वीस दिवस.

मग मी म्हटलं, संध्याकाळी ऊन उतरलं की येऊन लपण काढून नेते. तो चिडला. "येऊ नकोस! दोघं गेले, दोघं आले, आता आत कोणी नाही हे तिला पटलंय. पुन्हा माणूस दिसलं तर ती उठेल. पिल्लं चालायला लागेपर्यंत राहू दे ते कापड तिथंच."

हे मला जमणार आहे का, अण्णा? तुम्हाला माझे पाय माहीत आहेत. आत्ताच, हे लिहिताना, ते सहाच्या बसकडे निघालेत. उद्या सकाळी वाटेल, बांधावरून एकदा बघून यावं, लांबूनच, एकच मिनिट. पण नाही. पिल्लं आपल्या पायांनी तिथून निघून जाईपर्यंत मी तळ्याकडे फिरकणार नाही, आणि पुन्हा कुणाच्या घरट्यापाशी लपण लावणार नाही. निनादला आजच सांगते. त्याचे पैसे परत करते, ऐकून घेतलं तर.

त्या लपणात आता कोणी नाही, हे टिटवीला एका सकाळीत पटलं. मला आठ महिन्यांत पटलेलं नाही. पण इथं बसून राहीन, अण्णा. शब्द देते.

तुमची,
मंजी