रिकामं जाळं

प्रिय बाबा,

मी कॉलेजच्या फुटबॉल टीमची गोलकीपर आहे. चेंडू जाळ्यात जाऊ न देणं हे माझं काम. तुम्ही जन्मभर कन्हान नदीत मासे धरलेत, म्हणून आम्ही वर्षभर हरत असताना तुम्ही आपल्या खापा गावात सांगत फिरलात, "पोरीच्या जाळ्यात आज सात!" घरातली पहिली पदवीधर होणार मी, पण तुमचा आनंद बघून तुम्हाला एवढं समजावता आलं नाही.

काल शेवटची मॅच बघायला तुम्ही नागपूरला आलात. मी एकही चेंडू आत येऊ दिला नाही आणि आम्ही पहिल्यांदा जिंकलो. माझे डोळे भरून आले. तुम्ही धावत आलात.

"रडू नको वं पोरी. नदीतबी एखाद्या दिवशी जाळं रिकामंच निघते."

मग मी तुमच्या खांद्यावर खुशाल रडले. म्हणून हे पत्र पाठवत नाही.

तुमची जिंकलेली,
कामिनी