नारळ उभा राहिला त्याची हकिगत

बेंगळूर,
२२ मार्च १९६४

तीर्थस्वरूप कृष्णाजीमामांच्या चरणी पद्माकरचा साष्टांग नमस्कार (गुडघा धरल्यामुळे सध्या कागदावरच).

तुमचा खोकला कसा आहे? मामींनी पाठवलेली आमसुलं पोचली. शुभदा रोज सार करते आणि इथल्या चिंचेला नावं ठेवते. आम्ही इकडे सुखरूप आहोत, म्हणजे गेल्या रविवारपर्यंत होतो.

आमच्या ऑफिसात मिस ॲबॉट म्हणून अँग्लो-इंडियन टायपिस्ट होत्या. (माझं इंग्रजी साहेबाला कळायचं ते त्यांच्या कृपेनं.) निवृत्त झाल्यापासून त्या व्हाइटफील्डच्या पुढे क्लॅरन्स कॉलनीत आजोबांच्या बंगलीत राहतात. ही कॉलनी वसली कशी, ते तुमच्यासारख्या बागाईतदारानं ऐकावंच. सत्तरएक वर्षांपूर्वी कुण्या कंपनीनं पत्रकं वाटली, की इथल्या गार हवेत या, जमीन घ्या, शेती करा, सुखी व्हा. ते पत्रक बाईंनी काच लावून भिंतीवर टांगलंय. चित्रात कोट-टाय घातलेला गृहस्थ नांगर धरून उभा, शेजारी छत्रीवाली बायको, मागे संत्री, द्राक्षं, बटाटे सगळं एकाच वेळी तयार, आणि खाली छापलंय की पाणी हाताला लागेल. मी चष्मा पुसून पुसून पाहिलं, तर बैलांची तोंडं नांगराकडे! काढणाऱ्यानं जन्मात शेत पाहिलं नसावं. पण बाईंच्या आजोबांनी तेवढ्यावर रेल्वेतली गार्डाची नोकरी सोडली. संत्री गेली, द्राक्षं गेली, पेरू तेवढे जगले. आता विहीरही आटली.

बाईंचा भाचा ऑस्ट्रेलियात आहे. तो तिकडच्या शेतीवाडीची पुस्तकं पाठवतो. मजकूर तोच, फक्त चित्रं रंगीत आणि नांगराऐवजी ट्रॅक्टर, त्यामुळे चूक काढता येत नाही. पाणी नसेल तर विकून टाक आणि इकडे ये, असा त्याचा धोशा. बाईंनी ट्रंक भरलीसुद्धा. पण मामा, त्यांना जायचं नाही हो. तोंडानं बोलत नाहीत, पण पेरूच्या झाडांना हात लावत फिरतात. मला फार वाईट वाटलं.

आता आमचा शेषगिरी. माझ्या शेजारच्या टेबलावर बसतो. यांचं घराणं तीनशे वर्षं इकडे, त्यामुळे मराठी निम्मी कानडी, पण उत्साह पुरा. तळहातावरचा आडवा नारळ उभा राहिला की खाली पाणी, असं तुम्ही कसं सांगता ते मी एकदा डबा खाताना त्याला सांगून बसलो होतो. त्यानं ते बाईंना सांगितलं, वर पदरची भर, की ही विद्या मामाकडून भाच्याकडेच येते. रविवारी शुभदासह आम्ही तिथं गेलो, तर यानं पिशवीतून चामराजपेटेच्या बाजारातला शेंडीवाला नारळ काढला. म्हणे, स्वल्प चालून दाखवा, अण्णा.

मी इंजिनिअर माणूस, साफ नाही म्हणणार होतो. पण बाई हॅट घालून, अंगणात खुर्ची टाकून बसलेल्या. मग काय, चपला काढल्या, घड्याळ काढलं, नारळ तळहातावर आडवा ठेवला आणि तुमच्यासारखा चेहरा करून निघालो. (तो चेहराच कठीण आहे.) एक फेरी मारून दिलगिरी व्यक्त करायची, एवढाच बेत होता. स्वयंपाकघरामागं पोचलो आणि नारळ ताडकन उभा राहिला. शेंडी वर! शेषगिरीनं मला नमस्कार केला. मी आपल्याच हाताकडे परक्यासारखा बघत राहिलो.

मी बाईंना स्वच्छ सांगितलं, की यात शास्त्र नाही, यावर विसंबू नका. त्या शांतपणे म्हणाल्या, "माझ्या आजोबांनी कधी न पाहिलेल्या माणसांच्या कागदावर विश्वास टाकला. तुला तर मी इतकी वर्षं पाहतेय. खणू या."

सोमवारपासून खणताहेत. तांबडी माती संपली, मुरूम संपला, आता काळा दगड लागलाय. गडी कुदळ टेकून माझ्याकडे बघतात. बाईंनी ट्रंक मात्र रिकामी केली.

असो. मामींना नमस्कार, वासराला कुरवाळणे.

तुमचा (आणि तुमच्याच नावावर चालणारा) भाचा,
पद्माकर

ता. क. : एक विचारायचं राहिलं. तुमचा नारळ आपोआप उभा राहतो, की अंगठ्याची थोडी मदत असते? माझा अंगठा निर्दोष होता, म्हणूनच झोप उडाली आहे. तुम्ही स्वतःच एकदा येऊन जा ना. इथली हवा खोकल्याला उत्तम, मार्चातही पंखा लागत नाही, पेरू तर हवे तेवढे. (हे मी वाचून पाहिलं. फक्त बैल काढायचे राहिलेत.)

आणखी ता. क. : ती. मामांना शुभदाचा वाकून नमस्कार. पत्र पेटीत टाकायला माझ्याकडे आलंय, म्हणून चार ओळी. नारळ उभा राहिला तेव्हा यांच्या मनगटाला तांबडी मुंगी कडकडून चावली होती आणि हात उडाला होता; नारळाच्या नादात यांना ते कळलंही नाही. मी शेजारीच होते. हे मी यांना बोलले नाही, बाईंना तर नाहीच. काल त्यांनी सगळे पडदे धुऊन पुन्हा लावले. तेव्हा तुम्ही याच आणि पाणी शोधाच. शक्यतो त्याच खड्ड्यात.